ओ न दिलेली हाक

शांतता नावाची वस्तू अस्तित्वात नाही, हे मी पदार्थविज्ञानाच्या वर्गात शिकले होते. ती गावोगावहून गोळा करून आणणे हाच पुढे आपला व्यवसाय होईल, असे मात्र वाटले नव्हते. मी माहितीपटांसाठी आवाज मुद्रित करते. सांगलीतली माझी आत्या हे कुणाला सांगताना "ती रेकॉर्डिंगला आहे" असे म्हणते आणि ऐकणारा हमखास विचारतो, "गाणी का?" गाणी नव्हेत. गाण्याच्या आधीची खोली, गाण्याच्या नंतरची खोली, आणि गाणे नसताना त्या खोलीत जे काही चालू असते ते.

हे काम थोडक्यात असे. आपण दोघे बोलत असताना वर पंखा फिरत असतो. आपला मेंदू तो गाळून टाकतो. माइकला मेंदू नसतो, तो पंखाही तेवढ्याच निष्ठेने घेतो. पुढे संकलनात वाक्य कापले की पंखाही कापला जातो आणि ऐकणाऱ्याला ठेच लागते. म्हणून प्रत्येक ठिकाणी सगळ्यांना मिनिटभर गप्प बसवून त्या जागेची नुसती शांतता भरून घ्यायची आणि नंतर कापलेल्या जागी ती जोडायची. कापडाला त्याच कापडाचा धागा काढून रफू करतात, तसे.

हे लोकांना समजावणे सोपे नसते. कोरेगावच्या बाजारात एका अडत्याच्या गाळ्यावर घेवड्याची पोती उतरत होती. मी म्हटले, "सगळ्यांनी एक मिनिट शांत उभे राहा." सातही हमालांनी डोक्यावरच्या टोप्या काढल्या आणि माना खाली घातल्या. मिनिट संपल्यावर त्यांतल्या वयस्कर गृहस्थांनी हळूच विचारले, "कोन गेलं म्हनायचं?"

"कुणी नाही."

"मग टोप्या कशाला काढाय लावल्या?"

"मी कुठे काढायला लावल्या?"

"एक मिनिट गप हुबं ऱ्हावा म्हनलासा की! जित्या मानसासाठी कोन गप हुबं ऱ्हातंय?"

माधवनगरला याच्या उलट. तिथल्या एका यंत्रमागाच्या शेडमध्ये मी एका वयस्कर कारागिरांना विचारले की दोन माग तेवढे चालू ठेवता येतील का, आवाज फार होतो आहे. ते माझ्या कानाशी येऊन ओरडले, "आवाज घ्यायला आलायसा का बंद करायला?" ते स्वतः बऱ्यापैकी बहिरे झाले होते. तरी बोलता बोलता उठून सरळ सहाव्या मागापाशी गेले आणि तो थांबवला. आडवा धागा नेणारा धोटा घासत होता. चोवीस मागांच्या गदारोळात हेडफोन लावलेल्या मला जे ऐकू आले नव्हते, ते त्यांना कळले होते. मी विचारले, "कसं ऐकलंत?" तर म्हणाले, "ऐकलं न्हाई. पायाला लागलं."

ही सारी धावपळ एका चित्रपटासाठी चालली होती. देशमाने सर या भागाचा, कृष्णा-कोयनेच्या मुलखाचा, एक चित्रपट करत होते. त्यात निवेदन नाही, मुलाखती नाहीत, पडद्यावर गावांची नावेही नाहीत. जमीन, पाणी, माणसांचे हात, आणि आवाज. "आपण या भूमीची माहिती देणार नाही, तिचं व्यक्तिचित्र काढणार आहोत," असे ते म्हणत. त्यांचा शब्द होता 'कविता'. माझ्या वहीत त्याच गोष्टीला 'विदा', म्हणजे डेटा, असे लिहिलेले असे. साठीचे सर तासन् तास एका बांधावर बसू शकत. मी अठ्ठावीस वर्षांची, मला दहा मिनिटांत पुढचे ठिकाण दिसू लागे. परदेशातील एका अभ्यासक्रमाला अर्ज करायचा होता, त्यासोबत माझ्या मुद्रणाचा तीन मिनिटांचा नमुना द्यायचा होता, आणि तो नमुना कशाचा असणार हे मी आधीच ठरवून टाकले होते.

मला भूकंपाचा आवाज हवा होता.

भूकंपाला आवाज असतो, हे कोयनानगरच्या माणसांना वेगळे सांगावे लागत नाही. तिथे हादरा बसण्याच्या क्षणभर आधी जमिनीतून गडगड ऐकू येते. धक्का उथळ असला की खडकातून सर्वांत वेगाने येणारी लाट वर पोचते आणि जमिनीचा पृष्ठभागच ध्वनिवर्धकाच्या पडद्यासारखा थरथरतो. तो आवाज इतका खालचा, की कान ऐकतो की पोट, हे ठरवता येत नाही. हादरा काही वेळापत्रकाने येत नाही. त्यासाठी तिथे जाऊन राहायचे आणि यंत्र चालू ठेवून वाट पाहायची. सरांनी मला दहा दिवस दिले.

धरणाच्या वसाहतीच्या कडेला सहा घरांची एक ओळ आहे. तिथल्या दुसऱ्या घरात हौसामावशी राहतात. सत्तरीच्या आतबाहेरच्या, एकट्या. यजमान धरणाच्या कामावर होते, ते गेले. मुलगा फौजेत. मी एक खास माइक त्यांच्या परसात हातभर खोल पुरला, दुसरा स्वयंपाकघरात मांडणीजवळ उभा केला, आणि त्यांच्या चुलीशेजारी बस्तान मांडले. मावशींनी काहीही विचारले नाही. फक्त म्हणाल्या, "यायचा तवाच येतोय त्यो. तू भाकरी खाऊन घे."

पहिल्याच दिवशी त्यांनी मला ओळीचा रिवाज सांगितला. हादरा थांबला की पहिल्या घरातल्या शालनवहिनी दुसऱ्या घराला हाक देतात, "मावशे, हायस का?" मावशींनी ओ द्यायची, "हाय!" आणि मग तिसऱ्या घरातल्या बापूरावांना हाक द्यायची. अशी हाक सहाव्या घरापर्यंत जाते. शेवटची ओ आली की सगळी आपापल्या कामाला. शालनवहिनी मग मावशींच्या मुलाला तिकडे फोन करून कळवतात, कारण मावशींचा फोन बहुधा पिठाच्या डब्यावर मेलेला असतो.

हे ऐकून मी काय केले, ते लिहिणे भाग आहे. मी वहीत नोंद केली: 'हादऱ्यानंतर लगेच मानवी आवाज. टाळावा.'

कारण मला गडगडीचे शेपूट हवे होते. घंटेचा टोल ऐकू येणे थांबल्यावरही तिच्यावर हात ठेवला तर थरथर लागते, तसा जमिनीचा आवाज विरत जाताना घ्यायचा होता. मी मावशींना म्हटले, "हाक आली की लगेच ओ देऊ नका. मी हात वर धरीन. हात खाली केला की द्या."

"शाली घाबरंल की गं."

"दहा सेकंदांनी काय होतंय, मावशी?"

त्यांनी तव्यावरची भाकरी उलटली. मग म्हणाल्या, "बरं. तुझं काम हाय."

सहाव्या दिवशी, दुपारी चारच्या सुमारास, मावशी सुपात तांदूळ पाखडत होत्या. हेडफोनमध्ये प्रथम काहीच आले नाही. माझ्या बसण्याच्या पाटालाच काहीतरी झाले. मग तो आला. दूर कुठे तरी भरलेली बैलगाडी दगडी पुलावरून जावी, आणि तो पूल आपल्या बरगड्यांत असावा, असा. मांडणीवरची ताटे किणकिणली, एक वाटी पडून गोल फिरत राहिली, सूप मावशींच्या हातात थबकले. चार सेकंद असतील. मी हात वर केला. यंत्रावरची रेषा खाली उतरत होती, अजून उतरत होती, आणि मी आयुष्यात इतके देखणे काही पाहिले नव्हते.

शालनवहिनींची हाक आली. "मावशे, हायस का?"

मावशींनी तोंड उघडले. मी ओठांवर बोट ठेवले आणि "श्श" केले.

दुसरी हाक आली, वरच्या पट्टीत. मावशींनी माझ्या हाताकडे पाहिले. तो वरच होता. रेषा अजून पूर्ण झोपली नव्हती. तिसऱ्या हाकेत नुसते "मावशे!" एवढेच होते, आणि आवाज फाटला होता. मावशींनी स्वतःच्या तोंडावर पदर दाबून धरला. मग धावणारी पावले, पायरीवर काहीतरी घसरल्याचा आवाज, आणि एक सणसणीत शिवी.

तेव्हा माझा हात खाली आला.

शालनवहिनी दारात आल्या त्या उजवे मनगट डाव्या हातात धरून. मनगट जिथे वाकायला नको तिथे वाकले होते. त्यांनी आम्हा दोघींना आणि पडलेल्या वाटीला पाहिले.

"जित्ती हायस की गं! मग तोंडात काय बोळा घातलावतास?"

आता मी बोलायला हवे होते. माझ्या आधी मावशी बोलल्या. "भांड्यांच्या आवाजात ऐकूच आलं न्हाई गं मला."

"तीन हाका? पल्याड बापूरावाला ऐकू गेल्या, तुला न्हाई?"

मावशी खाली बसून सांडलेले तांदूळ वेचू लागल्या. मी वहिनींना आमच्या गाडीत घालून दवाखान्यात नेले. वाटेत मी त्यांना दुखते का, असे वारंवार विचारत होते, आणि त्याच वेळी मनात एकच हिशेब चालला होता, की निघताना मुद्रण नीट साठवले गेले की नाही. साठवले गेले होते.

पुण्यात संकलनाला बसले तेव्हा पहिल्या तासात मी ते 'श्श' काढून टाकले. यात मला विशेष काही वाटले नाही. चित्रीकरण करणाऱ्यांचा खोकला, पावले, कुजबुज काढणे हे रोजचे काम आहे. अर्धा सेकंद कापला, मावशींच्या स्वयंपाकघराची शांतता तिथे रफू केली. जोड कुठे आहे ते मलाही शोधावे लागले असते. मग सरांना ऐकवले. गडगड, ताटे, वाटी, हाक. शांतता. हाक. शांतता. फाटलेली हाक. पुढचे पडणे आणि शिवी मी आधीच छाटली होती.

सरांनी डोळे मिटले होते. म्हणाले, "हाक येते आणि घर उत्तर देत नाही. चित्रपटाचा गाभा मिळाला आपल्याला."

मी तोच तुकडा अर्जाला जोडला.

तीन महिन्यांनी शिवसागर जलाशयावरचे धुके टिपायला आम्ही पुन्हा कोयनानगरला गेलो. काम सकाळीच आटोपले. सरांना मावशींना भेटायचे होते. त्यांच्या मते त्या चित्रपटाच्या नायिका होत्या. मावशींनी चहा टाकला. मी विचारले, "मधे हादरे बसले का?"

"दोन बसलं की."

"मग हाका झाल्या?"

"झाल्या." त्यांनी आले ठेचले. "शाली बापूरावालाच हाक मारती आता. माझ्या दारावरनं जाती हाक."

मला कळायला क्षण लागला. हाक पहिल्या घरातून सरळ तिसऱ्या घराला जात होती. मधले घर ओळीतून वगळले होते.

"आणि तुमच्या मुलाला कोण कळवतं?"

"कोन कळवनार? त्योच करतोय दोन-दोन दिस फोन, लागला तर लागला." चहा गाळताना त्या पुढे म्हणाल्या, "तिचं बी खरं हाय. मनगाट मोडून घिऊन किती येळा पळंल मानूस? एकदा ओ दिली न्हाई की हाकंवरचा हक्क जातो."

सरांना यातले काही ठाऊक नव्हते. त्यांनी उत्साहाने माझा संगणक उघडायला लावला. "मावशी, ऐका तरी, तुमच्या घराची काय कविता झाली आहे!" मी हेडफोन मावशींच्या कानांवर बसवले. त्या पाटावर ताठ बसल्या. गडगड आली तेव्हा त्यांनी जमिनीला हात लावला. वाटी फिरली तेव्हा हसल्या. मग त्यांचा चेहरा गंभीर झाला. शेवटपर्यंत ऐकले आणि हेडफोन स्वतःच काढून माझ्या मांडीवर ठेवले.

"आन् तू श्श केलंवतंस, त्ये कुठं गेलं?"

सरांनी माझ्याकडे पाहिले.

"ते काढलं, मावशी. आमचे आवाज आम्ही काढून टाकतो. ती पद्धत असते."

"मग ह्यात मी मुद्दाम गप बसल्यावानी दिसतंय की."

हे त्या रागावून बोलल्या नाहीत. माझ्या एका प्राध्यापकांना आकडेमोडीतली चूक सापडली की ते ज्या आवाजात दाखवत, त्या आवाजात बोलल्या. आणि चूक तशीच होती. मोजणाऱ्याच्या हाताने मोजमाप बिघडले, तर प्रयोगवहीत तसे लिहायचे असते. मी हाताची खूण पुसली होती आणि उरलेल्या आकड्याला निसर्ग म्हटले होते. वर तोच आकडा परदेशी पाठवला होता.

आमच्या धंद्याचा एक नियम चांगला आहे: मूळ मुद्रण कधीही नष्ट करायचे नाही. ते गाडीत होते. मी उठले. सर मागोमाग अंगणात आले.

"काय करते आहेस?"

"मूळ तुकडा शालनवहिनींना ऐकवते. आणि चित्रपटातही तोच घालूया."

"अगं, श्श आला की ते मौन मौन राहत नाही. तांत्रिक चूक होते."

"सर, ती चूकच आहे. माझी."

"हा चित्रपट या भूमीचा आहे. तुझ्या चुकीचा नाही."

"मग भूमी गप्प बसली होती, असं आपण दाखवतोय. ती बोलत होती. मी बोलू दिलं नाही."

सर रागावले होते, हे त्यांनी चष्मा ज्या जोराने पुसला त्यावरून कळले.

शालनवहिनींची भज्यांची गाडी रस्त्याला आहे. उजव्या हाताने पीठ अजून फेटता येत नव्हते. त्या डाव्या हाताने सोडत होत्या आणि भजी वेडीवाकडी पडत होती. घाटातून आलेली चार गिऱ्हाइके उभी होती. मी म्हटले, "वहिनी, दोन मिनिटं ऐका."

"तेल तापलंय. बोल."

"बोलायचं नाही, ऐकायचं आहे."

त्यांनी झारा कढईवर आडवा ठेवला आणि हेडफोन लावून घेतला. मूळ तुकडा मी पूर्ण ऐकवला, पडण्यासकट. आपलीच पहिली हाक ऐकून त्या ओशाळल्या. माणसाला स्वतःचा आवाज कधीच आवडत नाही. मग त्यांची मान ताठ झाली.

"ह्ये कोन? ह्ये श्श?"

"मी. त्या ओ देणार होत्या. मी देऊ दिली नाही. आधीच तसं कबूल करून घेतलं होतं त्यांच्याकडून."

"आन् ऐकू आलं न्हाई म्हनली त्ये?"

"मला वाचवायला म्हणाल्या."

भजी करपत होती. एक गिऱ्हाईक "काकू, भजी" म्हणाले, त्याला त्यांनी अशा नजरेने पाहिले की ते दोन पावले मागे सरले. गॅस बंद करून त्या तरातरा ओळीकडे निघाल्या, हेडफोन गळ्यात तसाच. मी संगणक घेऊन मागे. मावशी दारातच होत्या.

"अगं ए बये, तोंड न्हाई व्हय तुला? तीन महिनं! तीन महिनं मी तुझ्या नावानं बोटं मोडलीती!"

"मोडलेल्या हातानं?" मावशी म्हणाल्या.

"हसू नगंस! सांगायचं न्हाई?"

"पाव्हनी हुती गं ती. तिचं काम हुतं. पाव्हनीला कशी बोलू?"

"आन् मला बोलून घेतलंस त्ये चाललं?" मग त्या माझ्याकडे वळल्या. "तू येवढी शिकलेली. हाक आली की ओ द्यायाची, येवढं शिकिवलं न्हाई व्हय कुनी?"

"चुकलं, वहिनी," मी म्हणाले.

सर शांतपणे जोत्यावर बसले होते. त्यांनी विचारले, "शालनताई, हा तुकडा चित्रपटात ठेवला तर चालेल?"

"ठिवा. पन हिचं श्श काढायचं न्हाई. आन् माझी शिवी बी ऱ्हाऊ द्या. पडल्यावर मानूस काय आरती म्हनतंय?"

सर म्हणाले, "शिवी ठेवूया." 'श्श'बद्दल काही बोलले नाहीत. परतीच्या वाटेवर कराड आल्यावर, खिडकीबाहेर पाहत, एवढेच म्हणाले, "तेही."

चित्रपटात ते आता आहे. पहिल्या खाजगी खेळाला एक अनुभवी ध्वनिमुद्रक माझ्या शेजारी होते. चित्रपट त्या प्रसंगाशी पोचताच ते कानाशी वाकून म्हणाले, "तुमच्यातल्या कुणाचा तरी श्श राहिलाय बघ. काढला नाही?" मी म्हटले, "माझाच आहे. काढला तर त्या बाई खोट्या पडतात." त्यांना बहुधा ऐकू आले नाही, कारण तेव्हाच शालनवहिनी पडल्या. अर्जाचा नमुनाही मी बदलून पाठवला, सोबत दोन ओळींचे स्पष्टीकरण. निवड झाली नाही. कारण कळवले गेले नाही, त्यामुळे त्याचा दोष 'श्श'ला देण्याइतका पुरावा माझ्याकडे नाही. मी पुन्हा अर्ज करणार आहे. बसून राहणे मला अजून जमत नाही.

गेल्या आठवड्यात मावशींचा फोन आला. त्यांचा फोन चालू होता हेच नवल.

"काल हाललं बरं का. लय न्हाई, थोडंच."

"शालनवहिनींनी हाक मारली?"

"मारली की. दोनदा मारली."

"दोनदा का?"

"पहिलीला मी ओच दिली न्हाई."

"मावशी! का?"

"बघितलं," त्या म्हणाल्या, "दुसरी मारती का."